आबांसाठी आणलेली टर्की

मला किळस फार लवकर येते आणि कित्येक वर्षं मला त्याचा अभिमान होता. दुसऱ्याच्या घरी पेल्याला नाक लावून बघितल्याशिवाय मी पाणी पीत नाही. बेसिनच्या जाळीत अडकलेलं भाताचं शीत दिसलं तरी माझं जेवण संपतं. लग्नात शेजारचा माणूस बोटं चाटायला लागला की मी ताट तसंच ठेवून उठते. नवरा होता तेव्हा म्हणायचा, "हिच्या नाकावर माशी बसत नाही, आणि चुकून बसली तर माशीलाच डेटॉलनं हात धुवावे लागतात." तो गेला. मुलगी नोकरीसाठी पुण्यात राहायला गेली. बँकेतून निवृत्त झाल्यावर लोणावळ्यातल्या दुसऱ्या मजल्यावरच्या घरात मी आणि माझं नाक असे दोघंच उरलो, तेव्हा मी गावाहून आबांना, म्हणजे माझ्या वडिलांना, कायमचं घेऊन आले.

आबा रेल्वेत खलाशी, म्हणजे मदतनीस कामगार, होते. सगळी नोकरी लोणावळ्यात काढली आणि निवृत्तीनंतर पवनानगरजवळच्या आमच्या गावी जाऊन राहिले. माझी किळस आली ती त्यांच्याकडूनच. आमच्या घरात मटणाचा एक नियम होता: जनावर आपल्या घरच्या माणसाच्या डोळ्यांदेखत कापलेलं पाहिजे. आबा रविवारी सकाळी खाटकाच्या दुकानात जाऊन उभे राहायचे आणि बकरं कापण्यापासून वाटा पिशवीत पडेपर्यंत हलायचे नाहीत. मला बरोबर न्यायचे. मी मात्र पूर्ण वेळ भिंतीवरच्या कॅलेंडरकडं तोंड करून उभी असायची, कारण मला ते बघवायचं नाही. खिमा तर आमच्या घरात कधी आलाच नाही. "ज्याचा तुकडा वळखू येत न्हाई ते ताटात घ्यायचं न्हाई," असं आबा म्हणायचे.

नियमामागचं कारण त्यांनी मला एकदाच सांगितलं. मी कॉलेजात होते आणि मैत्रिणीच्या घरून खिमा-पाव खाऊन आले होते. "एवढं काय त्यात?" असं मी म्हणाले, म्हणून त्यांनी सांगितलं. त्यांच्या लहानपणी गावात बैल किंवा म्हैस मेली की ती ओढून न्यायचं काम आमच्या लोकांचं असायचं आणि त्या मेलेल्या जनावराचं मांस हीच त्याची मजुरी. रोगानं मेलं असो की म्हातारपणानं, ते घरी यायचं, शिजायचं, उरलेलं उन्हात वाळवून ठेवलं जायचं. छप्पन साली आमच्या घरानं धर्म बदलला. त्या दिवसापासून आजोबांनी मेलेलं जनावर ओढणं सोडलं आणि खाणंही सोडलं. आबा तेव्हा पंधरा वर्षांचे होते. पुढं बराच काळ घरात मांस शिजलं नाही, कारण कापलेलं विकत आणायची ऐपत नव्हती. "भूक लागायची, पर मान ताठ व्हती," एवढं बोलून त्यांनी विषय संपवला आणि मीही खिमा कायमचा सोडला.

गेल्या दिवाळीत आबांना न्यूमोनिया झाला. तळेगावच्या दवाखान्यात बारा दिवस काढून ते घरी आले, पण जेवण तिकडंच विसरून आले. माणूस इतका बारीक झाला की कवळीसुद्धा तोंडात बसेना. ती बोलताना टकटक वाजायची आणि चावताना घसरायची. ती काढून ते पेल्यात ठेवायचे, पेला जेवणाच्या टेबलावर, आणि मी टेबलाच्या दुसऱ्या टोकाला तोंड वळवून जेवायची. प्रोटीनची पावडर आणली, तिला खडूच्या पाण्याचा वास. ती त्यांनी एक घोट घेऊन कुंडीत ओतली आणि दोन दिवसांनी ते झाडही मान टाकायला लागलं. अंड्याचा त्यांना कंटाळा आला. वरण बघितलं की ते भिंतीकडं तोंड करायचे. ब्रॉयलर कोंबडीचं नाव काढलं की म्हणायचे, "त्या बॉयलरला खुराकाचा वास येतो, ती कोंबडी नव्हं, औषध हाय." गावरान कोंबडी कवळीशिवाय चावायची नाही.

डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं, "पुढच्या तपासणीपर्यंत वजन वाढलं नाही, तर नाकातून नळी घालावी लागेल." मी नळी घातलेली माणसं दवाखान्यात बघितली होती. त्या नळीतून जाणारं पांढरं पातळ, नाकाजवळ चिकटपट्टीखाली साचलेला मळ, सगळं मला आठवलं आणि तिथंच खुर्चीत मला मळमळलं. घरी येताना रिक्षात आबा म्हणाले, "नळी घालू देऊ नको. त्यापरीस जाऊ दे मला." मी त्यांना गप्प बसवलं.

मुलीनं पुण्याहून फोनवर एक व्हिडिओ पाठवला. एशियन टर्की बर्गर. मऊ, पौष्टिक, चरबी कमी, कवळी नसली तरी चालेल, असं तिचं म्हणणं. व्हिडिओतली बाई आलं, लसूण, पातीचा कांदा, मिरची आणि कोथिंबीर खिम्यात घालत होती आणि प्रत्येक वेळी या आशियाई चवीनं कसा कायापालट होतो ते सांगत होती. मी मुलीला फोन केला. "आलं, लसूण, मिरची, कोथिंबीर मी रोजच घालते. मग आपल्या घरातली आमटीही एशियनच म्हणायची का?"

"आई, त्यात सोया सॉस असतो गं," ती म्हणाली. "आणि तू आधी आजोबांना विचार, मग वाद घाल."

विचारून काय होणार होतं? खिमा, तोही टर्कीचा. मी फक्त पोरीचं समाधान म्हणून विचारलं. तर आबा चक्क उशीवरून उठून बसले. म्हणाले, "टर्की? म्हंजे ते साहेबाच्या बंगल्यावरचं?" नोकरीच्या सुरवातीच्या वर्षांत नाताळला एका साहेबाच्या बंगल्यावर टर्की यायची, आणि सामान उचलायला आबांना बोलवायचे. पक्षी त्यांनी खांद्यावरून नेलेला. भाजल्याचा वास त्यांनी मागच्या दारात बसून घेतलेला. "पर खाल्लं न्हाई कवा," ते म्हणाले. "कसं लागतं कुणास ठावं."

दोन महिन्यांत त्यांनी स्वतःहून एखाद्या खाण्याचं नाव घेतलं ते हे. मी संधी सोडली नाही. खिमा मी घरी करीन, विकतचा नाही, असं सांगितलं. ते म्हणाले, "तू सवता हुबी राहून कापून आन. मंग खिमा चालंल."

"राहीन उभी," मी म्हणाले.

आमच्या गावाजवळ, धरणाच्या पाण्याकाठी, गावातल्या एका मोठ्या शेतकरी घराण्यातल्या मुलानं तंबूंची कॅम्पसाइट काढली आहे. शनिवार-रविवारी मुंबई-पुण्याची पोरं येऊन तिथं शेकोटीभोवती नाचतात. त्यांना फोटो काढायला म्हणून त्यानं बदकं, दोन घोडे आणि चार टर्की पाळल्या होत्या. मी गावची मुलगी, म्हणून तो मला आत्या म्हणतो. फोनवर मी आबांची हकिगत सांगितली आणि एक टर्की मागितली. "या की आत्या बुधवारी," तो म्हणाला. "आबांसाठी न्हाई कसं म्हनीन?"

बुधवारी सकाळी मी कामशेतला उतरून शेअर जीपनं पवनानगरला गेले आणि तिथून चालत कॅम्पसाइटवर. टर्की मी त्याआधी जवळून बघितली नव्हती आणि बघितली नसती तर बरं झालं असतं. काय ते ध्यान. डोक्यावर एक पीस नाही, नुसती निळी-लाल फोडफोडलेली कातडी, आणि चोचीवरून लोंबणारं ते ओलं लाल कातडं, जणू कुणाचं तरी नाक गळतंय आणि पुसायला कुणी नाही. तिन्ही पक्षी जाळीत फुगून फिरत होते. मी पदर तोंडाला लावला. हे आता माझ्यासमोर कापणार, त्याची पिसं उडणार, गरम पाण्याचा वास येणार, या विचारानंच मी जाळीपासून दोन पावलं मागं सरले.

तेवढ्यात तो मुलगा आतून काळी पिशवी घेऊन आला. "आत्या, तुमाला कशाला तरास? सकाळीच साफ करून ठिवली," तो म्हणाला. त्याची आई ओट्यावर तांदूळ निवडत बसली होती. तिनं आबांची चौकशी केली, चहा दिला. चहा कागदी कपात. आता सगळ्यांनाच कागदी कप देतात, त्यामुळं कुणाला कुठल्या कपात द्यायचा हा जुना प्रश्न मिटला आहे. मी किती द्यायचे विचारलं, तर दोघांनी कानाला हात लावले.

आता खरं सांगायचं तर मी तिथं म्हणायला हवं होतं की मला डोळ्यांदेखत कापलेलीच पाहिजे, आबांचा नियम आहे. शब्द ओठांवर आलेही. पण ज्यांनी आपुलकीनं दिलंय त्यांना असं म्हणणं बरं दिसेना, आणि नाक्यावरून परतीची जीप सुटायची वेळ झाली होती. ही दोन कारणं मी त्या वेळी स्वतःला दिली. तिसरं कारण मी मनात आणलंच नाही. ते म्हणजे, कापताना बघावं लागलं नाही म्हणून मला सुटल्यासारखं झालं होतं. मी पिशवी घेतली, दोन पिशव्यांत आणखी गुंडाळली आणि जीपमध्ये पायाशी ठेवून, तिला पाय लागणार नाही अशी आखडून बसले.

घरात पाऊल टाकताच आबांनी विचारलं, "हुबी व्हतीस का?"

"होते," मी म्हणाले. जिभेला हाड नसतं ते यासाठीच.

पुढचा स्वयंपाक हा माझ्या आयुष्यातला सगळ्यात घाणेरडा स्वयंपाक. ओट्यावर वर्तमानपत्रं पसरली, हातात प्लास्टिकचे मोजे घातले, नाकाला रुमाल बांधला. व्हिडिओतल्या बाईकडं पुडक्यातून गुलाबी, स्वच्छ खिमा निघाला होता. माझ्याकडं आख्खा पक्षी होता, त्याचं मांस हाडावरून मला विळीवर सोडवायचं होतं. मांडीत सुतळीसारख्या पांढऱ्या शिरा, त्या तुटत नव्हत्या, ओढल्या की आख्खा पाय हलायचा. मांस बघून मी थबकले. फार काळपट होतं. दाबलं की बारीक नसांतून काळं रक्त गाठीनं बाहेर यायचं. कोंबडी कापली की रक्त निघून जातं, मांस फिकं दिसतं, एवढं आबांच्या मुलीला कळतं, भले ती कॅलेंडर बघत वाढलेली असो. मी मुलीला फोन लावला. "टर्कीचं मांस डार्कच असतं, नेटवर बघ," ती ऑफिसमधून म्हणाली. उंटावरून शेळ्या हाकणारीचा सल्ला मी लगेच मान्य केला, कारण मला तोच पाहिजे होता. मांस मिठाच्या पाण्यात तीनदा धुतलं आणि काळ्या गाठी नळाखाली सोडल्या.

मिक्सर फिरवला तर आतला लगदा गोल फिरत झाकणापर्यंत चढला आणि फटीतून एक थेंब माझ्या मनगटावर उडाला. मी ते मनगट साबणानं धुतलं, परत धुतलं. मग आलं-लसूण, पातीचा कांदा, मिरची, कोथिंबीर. पावाच्या चुऱ्याऐवजी इंद्रायणीचा मऊ भात कुसकरून घातला, तो चिकट असतो, सगळं धरून ठेवतो. सोया सॉस घातला. तिळाचं तेल घालायचं होतं, ते मी मालिशच्या बाटलीतलं वापरणार नव्हते, म्हणून तीळच भाजून कुटले. मुलीनं कधीतरी आणून ठेवलेली माशाच्या सॉसची बाटली उघडली आणि तशीच बंद केली. त्यात मासा कधी मेला आणि कशानं, हे त्या बाटलीवर कुठं लिहिलेलं नव्हतं. हाताला पाणी लावून थालीपिठासारखे थापून बारा गोळे केले. बोटांमध्ये तो थंड, गिळगिळीत खिमा शिरायचा तेव्हा माझ्या तोंडाला पाणी सुटायचं, भुकेचं नव्हे, ओकारीच्या आधीचं. दोन तव्यावर टाकले, बाकीचे डब्यात घालून फ्रीजरमध्ये.

बेकरीचा गोड बन मधोमध कापून, आत कोबी आणि ते पांढरं गुळगुळीत मेयोनीज लावून मी आबांपुढं ठेवला. मेयोनीज बघून मीच मान फिरवली. त्यांनी बन उचलून वास घेतला, वरची टोपी उघडून आत बघितलं.

"वडापावच हाय की," ते म्हणाले. "फकस्त बटाट्याच्या जागी कोंबडं."

पहिला घास घेतला. हिरड्यांनी चावत राहिले. दुसरा घास घेतला आणि थांबले. तोंड हलायचं बंद झालं. माझ्याकडं बघत म्हणाले, "तू हुबी व्हतीस ना?"

"हो आबा. किती वेळा सांगू?"

त्यांनी मान डोलावली, गिळलं आणि तिसरा घास घेतला. मग चौथा. आख्खा बन संपवून त्यांनी आतला एक गोळा आणखी मागितला, नुसता, बनाशिवाय. "ते काळं पानी काय घातलंस, ते बरं लागतं," ते म्हणाले. दोन महिन्यांनी त्यांच्या ताटात काही उरलं नाही. मी त्यांचं ताट उचलून स्वयंपाकघरात गेले आणि ओट्याशी उभी राहून रडले. मी स्वतः त्यातला एक कणही खाल्ला नाही.

पुढचे तीन दिवस ते दुपारी एक गोळा खायचे. तिसऱ्या दिवशी वजन केलं तर काटा थोडा पुढं गेला होता. फ्रीजरमध्ये सात उरले होते. तपासणी आठवड्यावर आली होती, म्हणून मी दुसरी टर्की मिळते का बघायला त्या मुलाला फोन लावला.

"आता न्हाई मिळायची आत्या," तो म्हणाला. "राहिलेल्या तीन थर्टी फर्स्टच्या पार्टीला बुक हायेत."

"मग चौथी मला कशी दिलीस?" मी सहज विचारलं.

"ती कुटं कापायची व्हती?" तोही सहजच म्हणाला. "दोन दिस मान टाकून व्हती, त्या दिशी सकाळी खुराड्यात मरून पडली. गिऱ्हाइकाला द्यायची म्हंजे उगा लफडं. टाकूनच देनार व्हतो. पर आई म्हनली, आत्या येनारच हाय, तर तिला दे. त्यांच्यात चालतं." मग माझी काळजी मिटावी म्हणून म्हणाला, "शिजिवल्यावर सगळं मरतं वो, घाबरू नका."

त्याच्या आवाजात खोट नव्हती. त्यानं उपकारच केले होते, त्याच्या समजुतीनं. फोन कानाला धरून मी काय बोलले असेन? चांगलं खडसावलं असेन, असं माझ्या बँकेतल्या लोकांना वाटेल. मी "बरं" म्हणाले. बरं म्हणाले आणि फोन ठेवला.

मग मी बाथरूममध्ये जाऊन ओकले. पोटात काही नव्हतं तरी ओकत राहिले. ते खुराडं, मान टाकलेला तो पक्षी, ते काळं रक्त माझ्या बोटांत, आणि त्या बाईचं ते तांदूळ निवडत निवडत ठरवणं. एवढी वर्षं गेली. आबांनी रेल्वे केली, मी बँक केली, पोरगी कॉम्प्युटरवर बसली, आणि त्या ओट्यावर आम्ही अजून तिथंच होतो, जनावर मेलं की ज्यांची आठवण होते ते. मला त्या दोघांची किळस आली. पण त्यांच्यापेक्षा जास्त मला माझीच आली. त्यांनी पिशवी दिली, ती आबांच्या तोंडापर्यंत नेली मी. आजोबांनी, आबांनी उपाशी राहून जे घराबाहेर काढलं होतं, ते मी आलं-लसूण लावून परत घरात आणलं. आणि ते केलं ते का, तर मला रक्त बघवत नाही म्हणून. किळस येणं हीसुद्धा चैन आहे. त्यांनी पोट मारून ती मला मिळवून दिली, आणि मी तिचा असा उपयोग केला.

तोंड धुऊन आले आणि पहिला विचार मनात आला तो गप्प बसण्याचा. कुणाला कळणार आहे? त्यांना काही झालं नव्हतं, उलट खात होते. सांगितलं आणि त्यांनी पुन्हा तोंड मिटलं, तर नळी. टर्की संपली म्हणायचं, की झालं. मी फ्रीजरमधून डबा काढला, ते सात गोळे कचऱ्याच्या पिशवीत ओतले आणि पिशवीला गाठ मारत होते, तेवढ्यात मागून काठीचा आवाज आला.

"ते का टाकतीस?" आबा दारात उभे होते.

उत्तर तयार होतं. वीज गेली होती, फ्रीज बंद पडला होता, वास येत होता. पण माझ्या तोंडून ते निघेना. मी खाली फरशीवर बसले आणि सगळं सांगितलं. मी उभी नव्हते. पिशवी तयार मिळाली. टर्की मेलेली होती. "त्यांच्यात चालतं" हेसुद्धा सांगितलं, ते लपवावं असं फार वाटत होतं तरी.

आबा खुर्चीवर बसले. काठी दोन्ही पायांच्या मध्ये धरली. मग म्हणाले, "दुसऱ्या घासाला कळलं व्हतं मला."

"मग खाल्लंत कशाला?" माझा आवाज चढला.

"ती चव मी इसरनार व्हय? पंधरा वर्स खाल्लीय." ते माझ्याकडं बघत नव्हते, पिशवीकडं बघत होते. "पर तू म्हनलीस, हुबी व्हतीस. मंग म्हनलं, जीभ म्हातारी झाली आपली. लेकीला खोटं कसं पाडू? जिभेला खोटं पाडलं."

ते उठले, भिंतीला धरत बेसिनपाशी गेले, चूळ भरली. परत भरली. मग पेल्यातली कवळी काढून नळाखाली ब्रशनं घासत राहिले, जी त्यांनी त्या घासांसाठी लावलीही नव्हती. मी मदतीला गेले तर हातानंच लांब राहा म्हणाले. त्या रात्री ते जेवले नाहीत. मीही नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी उठून बघते तर आबा शर्ट-पँट घालून, टोपी लावून दारापाशी खुर्चीत बसलेले. दिवाळीपासून ते जिना उतरले नव्हते. "चल," ते म्हणाले. "कोंबडी आनू. गावरान. मी येतो संगं, आता तुज्यावर न्हाई सोडत."

मला ते लागलं. लागायलाच पाहिजे होतं. दोन मजले उतरायला आम्हाला पाव तास लागला, जिन्याच्या प्रत्येक वळणावर ते थांबून श्वास घ्यायचे आणि मी काही बोलायला गेले की पुढची पायरी उतरायचे. कोपऱ्यावरच्या चिकनच्या दुकानात त्यांनी स्वतः पिंजऱ्यापाशी वाकून, डोळे बघून, एक तांबडी कोंबडी निवडली. दुकानात तोच वास, ओल्या पिसांचा आणि गरम पाण्याचा. दुकानदारानं कोंबडी बाहेर काढून पंख धरले, सुरी घेतली, आणि माझी मान आपोआप रस्त्याकडं वळली.

आबांनी माझं मनगट धरलं. हाडं लागत होती, पण पकड घट्ट होती.

"तिकडं न्हाई," ते म्हणाले. "हितं बघ."

मी बघितलं. सुरी फिरली तेव्हापासून पाय झाडायचे थांबेपर्यंत, रक्त टपकून संपेपर्यंत, पापणी न हलवता बघितलं. पोटातलं सगळं घशाशी आलं आणि मी ते गिळलं. मग आबांनी माझं मनगट सोडलं आणि दुकानदाराला म्हणाले, "खिमा बारीक कर. मला आज जेवायचंय."